आधी घटना निवडा, मग कोर्स: राजकारण आणि आंतरराष्ट्रीय संबंध शिकू पाहणाऱ्यांसाठी

‘उगाच राजकारण करू नकोस’ असं आपण कुणाला म्हणतो तेव्हा मनात असतात डावपेच, कुरघोड्या, कानाला लागणं. कोर्समधलं राजकारण त्याहून साधं असतं आणि मोठंही. निर्णय कोण घेतं, कशाच्या बळावर घेतं आणि बाकीचे तो मुकाट्याने का मानतात, एवढे तीन प्रश्न. चार ते आठ आठवड्यांच्या ऑनलाइन कोर्समध्ये या तिघांशी बरी ओळख होऊ शकते. तज्ज्ञ होण्याची अपेक्षा मात्र ठेवू नये.

हे मी सांगतोय ते तीन कोर्स वाया घालवल्यावर. तिन्हींची सर्टिफिकेटं माझ्याकडे आहेत. तिसरं हाती आलं त्यानंतर महिन्याभरात पुतणीने सहज विचारलं, ‘काका, संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेत एखादा बडा देश तटस्थ राहिला, तर तो नकाराधिकारच झाला ना?’ आणि मला उत्तर देता येईना. दोष कोर्सचा नव्हता. मी लेक्चरं टीव्हीवरच्या मालिकेसारखी बघत होतो. बघताना सगळं पटायचं, आठवड्याने त्यातलं काही आठवायचं नाही.

चौथ्या वेळी मी एकच गोष्ट बदलली. नाव नोंदवण्याआधी एक जुनी घटना निवडली आणि प्रत्येक लेक्चर त्या घटनेवर घासून पाहिलं. पुढचं सगळं त्या अनुभवावर बेतलेलं आहे.

पायरी पहिली: घटना निवडा

आज चालू असलेलं युद्ध किंवा कालची निवडणूक घेऊ नका. तिथली माहिती अजून धुरकट असते, शिवाय आपण कुठल्या बाजूचे ते आपलं आधीच ठरलेलं असतं. घटना संपलेली हवी, तिला निदान पंचवीस-तीस वर्षं झालेली हवीत, म्हणजे सरकारी कागदपत्रं बरीचशी खुली झालेली असतात. तीत दोनपेक्षा जास्त पक्ष हवेत आणि एखादी आंतरराष्ट्रीय संस्था कुठेतरी आलेली हवी. १९५६चा सुएझ कालव्याचा पेच, १९८२चं फॉकलंड युद्ध, १९९४चा रवांडातला नरसंहार, यातलं काहीही चालेल. देशांतर्गत राजकारण शिकायचं असेल तर दक्षिण आफ्रिकेतली १९९४ची निवडणूक घ्या. थोडं अलीकडचं चालणार असेल तर बेल्जियम घ्या. तिथे २०१०-११मध्ये निवडणुकीनंतर ५४१ दिवस पूर्ण अधिकाराचं सरकारच बनलं नव्हतं आणि देश चालू होता. तो कसा, हा प्रश्न एका कोर्सला पुरून उरतो.

मी १९६२चा क्यूबातला क्षेपणास्त्रांचा पेच निवडला. एका वहीत पाच प्रश्न लिहिले. सोव्हिएत नेता ख्रुश्चेव्हने एवढ्या लांब, अमेरिकेच्या दाराशी क्षेपणास्त्रं नेऊन ठेवलीच का? अमेरिकेचा अध्यक्ष केनेडीने बाँबहल्ला न करता समुद्रात जहाजं अडवायचं का ठरवलं? संयुक्त राष्ट्रांनी काय केलं? लोकांना त्या वेळी काय सांगितलं गेलं नाही? आणि पाचवा, जरा उशिरा सुचलेला: क्यूबाला कुणी विचारलं का?

प्रश्न बाळबोध असले तरी चालतील. किंबहुना असावेतच.

पायरी दुसरी: आपला प्रश्न कुठल्या घरात राहतो ते पाहा

राजकारणाच्या कोर्सची नावं एकमेकांसारखी असतात, आत मात्र वेगवेगळी शास्त्रं नांदतात. ‘माणसाने कायदा का पाळावा?’, ‘न्याय म्हणजे काय?’ हे राजकीय विचारांचं घर. ‘एका देशात दोनच पक्ष टिकतात आणि दुसऱ्यात बारा, असं का?’ हे तुलनात्मक राजकारणाचं. अमेरिकेत २००० साली अल गोर आणि २०१६ साली हिलरी क्लिंटन यांना देशभरात जास्त मतं मिळाली, तरी अध्यक्ष दुसरेच झाले. याचं उत्तरही तिथेच मिळेल, निवडणूक पद्धतींच्या प्रकरणात. युद्ध, तह, युती, निर्बंध, दूतावास हे आंतरराष्ट्रीय संबंधांचं क्षेत्र. व्यापार, कर्ज, चलन आणि सत्ता एकत्र येतात ते आंतरराष्ट्रीय राजकीय अर्थकारण. आंतरराष्ट्रीय कायदा हे अगदी शेजारचं पण स्वतंत्र घर आहे.

माझं मत विचाराल तर पहिला कोर्स आंतरराष्ट्रीय संबंधांच्या ओळखीचा किंवा तुलनात्मक राजकारणाचा घ्यावा. दहशतवाद, सायबर युद्ध, हेरगिरी या विषयांचे कोर्स आकर्षक असतात आणि त्यांना गर्दीही असते. पण पाया नसताना ते घेतले की हाती फक्त किस्से लागतात.

पायरी तिसरी: सिलॅबस वाचा, जाहिरात नको

कोर्सेरा आणि एडएक्स ही दोन्ही व्यासपीठं २०१२ साली सुरू झाली. त्यांच्यावर विद्यापीठांचे कोर्स असतात आणि त्यांतले काही सर्टिफिकेट न घेता, ‘ऑडिट’ करून, फुकट पाहता येतात. ब्रिटनच्या ओपन युनिव्हर्सिटीचं ओपनलर्न आहे, तिथे लहान लहान वाचनाधारित कोर्स मिळतात. येल विद्यापीठाने वर्गातल्या आख्ख्या व्याख्यानमाला रेकॉर्ड करून खुल्या केल्या आहेत, त्यांत राजकीय तत्त्वज्ञानाचीही आहे. ही वर्गातली व्याख्यानं लांब असतात, चकचकीत नसतात, आणि मला तीच जास्त आवडतात. प्राध्यापक खोकतो, खडूने लिहितो, मधेच कुणी शंका विचारतं.

सिलॅबसमध्ये काय बघायचं? सगळ्यात आधी वाचायला काय दिलंय ते. नुसते व्हिडिओ आणि प्रत्येक व्हिडिओनंतर चार पर्यायांची क्विझ, एवढंच असेल तर मी तो कोर्स सोडून देतो. आठवड्याला निदान एक मूळ मजकूर हवा: तह, ठराव, भाषण, एखादा लेख. मग गृहपाठ पाहा. एकदा तरी ३००-५०० शब्द लिहायला लावणारा कोर्स चांगला.

मग रेकॉर्डिंगची तारीख. विचारवंतांवरचा कोर्स दहा वर्षं जुना असला तरी बिघडत नाही, प्लेटो काही बदलत नाही. पण सुरक्षेवरचा किंवा संघटनांवरचा कोर्स शिळा होतो. २०१९च्या व्हिडिओत नाटोचे सदस्य २९ असतात. त्यानंतर उत्तर मॅसिडोनिया, फिनलंड आणि स्वीडन आत आले आणि आकडा ३२ झाला. आकडा वहीत दुरुस्त करता येतो. फिनलंड आणि स्वीडन इतकी वर्षं बाहेर का राहिले याचं २०१९मधलं स्पष्टीकरण मात्र आता वेगळ्या नजरेनेच ऐकावं लागतं.

कोर्स कोणी बनवला हेही बघा. सरकारी खाती, लष्करी संघटना, राजकीय विचारमंच, दूतावास, सगळेच आता कोर्स काढतात. ते घेऊ नयेत असं नाही. कधी कधी आतली माहिती तिथेच मिळते. फक्त कुणाच्या अंगणात बसलोय ते ध्यानात असावं.

तारखांना बांधलेला कोर्स घ्यायचा की आपल्या सोयीने करायचा? पहिल्यांदा करणाऱ्याने तारखांचाच घ्यावा. सोयीने करायचे कोर्स सोयीनेच मागे पडतात. आठवड्याला तीन-चार तास लागतील असं लिहिलेलं असेल तर पाच धरा, कारण भाषा. बहुतेक चांगले कोर्स इंग्रजीत आहेत. व्हिडिओसोबत लिखित संहिता मिळते का हे आधी तपासा. मी आधी संहिता वाचतो आणि मग व्हिडिओ बघतो, कमी वेगात. यात वेळ जातो, पण परत परत मागे जावं लागत नाही.

पायरी चौथी: शब्दांची वही

पहिल्या आठवड्यात सिद्धांतांपेक्षा शब्दच जास्त दगा देतात. त्यातही ओळखीचे वाटणारे.

‘अराजक’ घ्या. आपल्या लेखी अराजक म्हणजे गोंधळ, जाळपोळ, कुणाचा कुणाला पत्ता नाही. आंतरराष्ट्रीय संबंधांत अराजक म्हणजे एवढंच की देशांच्या डोक्यावर कुणी राजा नाही. भांडण झालं तर ज्याच्याकडे जावं आणि ज्याचा हुकूम सगळ्यांनी मानावा असा वरचा कोणी नाही. अशा अराजकात डाक पोचते, विमानं उडतात, व्यापार चालतो. गंमत म्हणजे शब्द फोडला तर नेमका हाच अर्थ निघतो: अ-राजक. आपणच तो मधल्या काळात बिघडवला.

‘राज्य’, ‘राष्ट्र’, ‘देश’, ‘सरकार’ हे चार शब्द आपण अदलून बदलून वापरतो. कोर्समध्ये तसं करून भागत नाही. राज्य ही संस्था आहे. १९३३च्या माँटेव्हिडिओ करारात तिची चार लक्षणं दिली आहेत: कायमची लोकसंख्या, ठरलेला भूभाग, शासन आणि इतर राज्यांशी संबंध ठेवण्याची क्षमता. राष्ट्र म्हणजे स्वतःला एक मानणारा लोकसमूह, त्याला राज्य असेल किंवा नसेल. पश्चिम आशियातल्या कुर्द लोकांना स्वतःचं राज्य नाही. सरकार बदलतं, राज्य राहतं. आणि ज्या संघटनेचं नाव ‘संयुक्त राष्ट्रे’ आहे तिचे १९३ सदस्य खरं तर राज्यं आहेत. नावातच घोळ आहे, तेव्हा आपण गोंधळलो तर लाजायला नको.

तसंच ‘उदारमतवाद’. रोजच्या बोलण्यात उदारमतवादी म्हणजे मोकळ्या विचारांचा माणूस. इथे तो एक सिद्धांत आहे. त्याचं म्हणणं असं की व्यापार, संस्था आणि लोकशाही यांमुळे देशांना सहकार्य करणं परवडतं. ‘वास्तववादी’ म्हणजेही व्यवहारी माणूस नव्हे. वरती कुणी राजा नसल्यामुळे प्रत्येक देश अखेर आपल्या सुरक्षेचा आणि बळाचाच हिशेब करतो, असं मानणारा तो.

वहीत प्रत्येक शब्दापुढे दोन अर्थ लिहा, घरचा आणि कोर्सचा. माझ्या वहीत असे ४० शब्द झाले. त्यांतल्या निम्म्यांचे घरचे अर्थ मला लिहिता येईनात, म्हणजे ते मी आजवर नुसतेच वापरत होतो.

पायरी पाचवी: सिद्धांत घटनेवर घासा

आता क्यूबा. १४ ऑक्टोबर १९६२ रोजी अमेरिकेच्या यू-२ या हेरगिरीच्या विमानाने बेटावरच्या क्षेपणास्त्रतळांची छायाचित्रं घेतली. १६ तारखेला ती केनेडीसमोर ठेवली गेली. २२ला त्याने टीव्हीवरून जगाला सांगितलं आणि क्यूबाकडे शस्त्रं नेणारी जहाजं अडवायचं जाहीर केलं. २८ला ख्रुश्चेव्हने क्षेपणास्त्रं परत नेतो असं कळवलं. केनेडीला कळल्यापासून मोजले तर तेरा दिवस.

कोर्सच्या दुसऱ्या-तिसऱ्या आठवड्यात ‘विश्लेषणाच्या पातळ्या’ येतात: माणूस, राज्य आणि संपूर्ण व्यवस्था. केनेथ वॉल्ट्झ या अमेरिकी अभ्यासकाने १९५९मध्ये ही मांडणी केली. लेक्चरमध्ये ती कोरडी वाटते. घटनेवर ठेवली की जिवंत होते.

व्यवस्थेच्या पातळीवर पाहा. दोन महासत्ता, त्यात अमेरिकेकडे लांब पल्ल्याची अण्वस्त्रं कितीतरी जास्त. मध्यम पल्ल्याची क्षेपणास्त्रं क्यूबात ठेवली की सोव्हिएत संघाला ती तफावत स्वस्तात भरून काढता येत होती. वास्तववाद्यांचा हा मुलूख. राज्याच्या पातळीवर उतरलात की वेगळंच दिसतं: अमेरिकेत नोव्हेंबरमध्ये काँग्रेसच्या निवडणुका होत्या, लष्करप्रमुखांना हल्ला हवा होता, नौदल आपल्या ठरलेल्या पद्धतीने जहाजं अडवू पाहत होतं. ग्रॅहम अ‍ॅलिसन या अमेरिकी अभ्यासकाने नेमक्या याच घटनेवरून दाखवलं की ‘देशाने निर्णय घेतला’ असं आपण म्हणतो तेव्हा आत खात्यांच्या सवयी आणि माणसांची रस्सीखेच चाललेली असते. आणि माणसाच्या पातळीवर? २७ ऑक्टोबरला बी-५९ ही सोव्हिएत पाणबुडी पाण्याखाली अडकली होती, वर अमेरिकी जहाजं इशाऱ्याचे स्फोट करत होती आणि पाणबुडीवर अणुपाणतीर होता. तो डागण्याच्या विरोधात वासिली अर्खिपोव्ह हा अधिकारी उभा राहिला. ही हकीकत जगासमोर आली ती सुमारे चाळीस वर्षांनी.

हा शेवटचा तपशील मला फार महत्त्वाचा वाटतो. १९७० सालचा विद्यार्थी हाच पेच शिकत होता तेव्हा त्याच्या चित्रात अर्खिपोव्ह नव्हता. तुर्कस्तानातून अमेरिका आपली ज्युपिटर क्षेपणास्त्रं काढून घेईल, हे गुप्त आश्वासनही नव्हतं. ‘केनेडी ठाम राहिला आणि ख्रुश्चेव्ह नमला’ एवढाच धडा तो शिकला. कागद खुले झाले आणि धडा बदलला. म्हणून तर पंचवीस-तीस वर्षांची अट.

रचनावाद नावाचा तिसरा सिद्धांत बहुतेक कोर्समध्ये घाईने उरकतात. त्याचे एक प्रमुख अभ्यासक अलेक्झांडर वेंट यांचं एक उदाहरण मात्र सगळे देतात: ब्रिटनकडची ५०० अण्वस्त्रं अमेरिकेला उत्तर कोरियाच्या ५ अस्त्रांपेक्षा कमी धोक्याची वाटतात. म्हणजे शस्त्र किती यापेक्षा ते कुणाच्या हातात आणि आपलं त्याच्याशी नातं काय, यावर भीती ठरते. हे वाचलं आणि मी वहीत एक प्रश्न वाढवला. तुर्कस्तानातली क्षेपणास्त्रं अमेरिकेला ‘संरक्षण’ वाटत होती आणि क्यूबातली ‘धोका’, हे अंतरात मोजायचं की नात्यात?

कुठला सिद्धांत खरा, असं विचारण्यात नवशिके फार वेळ घालवतात. मीही घालवला. त्यापेक्षा एकाच घटनेवर प्रत्येक सिद्धांताच्या नजरेतून अर्धं पान लिहा आणि त्यातून काय निसटलं ते खाली लाल पेनाने नोंदवा.

पायरी सहावी: मूळ कागद हातात घ्या

कोर्स सांगो न सांगो, हे कराच. संयुक्त राष्ट्रांची सनद २६ जून १९४५ रोजी सॅन फ्रान्सिस्कोत सह्या होऊन त्याच वर्षी २४ ऑक्टोबरला लागू झाली. तीत १११ कलमं आहेत. सगळी वाचायची गरज नाही. कलम २, २७, ५१ आणि सातव्या प्रकरणाची सुरुवात, एवढं एका बैठकीत होतं.

कलम २च्या चौथ्या परिच्छेदात बळाचा वापर आणि धमकी यांना मनाई आहे. कलम ५१मध्ये सशस्त्र हल्ला झाल्यास स्वसंरक्षणाचा हक्क आहे. त्यानंतरच्या जवळपास प्रत्येक युद्धात कुणी ना कुणी ५१चा आधार सांगितलेला दिसेल. बातमीत ‘स्वसंरक्षण’ शब्द आला की मी आता ५१ उघडतो आणि तिथले शब्द आणि इथला दावा शेजारी ठेवतो.

कलम २७ माझ्या पुतणीच्या प्रश्नाचं. ‘नकाराधिकार’ हा शब्द संपूर्ण सनदेत कुठेच नाही. तिथे एवढंच म्हटलंय की सुरक्षा परिषदेत कामकाजाच्या पद्धतीखेरीज इतर विषयांवर १५पैकी ९ मतं हवीत आणि त्यांत पाच स्थायी सदस्यांची (अमेरिका, रशिया, चीन, ब्रिटन, फ्रान्स) संमतीची मतं हवीत. अक्षरशः वाचलं तर तटस्थ राहणाऱ्या स्थायी सदस्यामुळे ठराव पडायला हवा. पण परिषदेने सुरुवातीपासून प्रथा पाडली की तटस्थ राहणं म्हणजे विरोध नव्हे. १९७१मध्ये नामिबियाविषयीच्या सल्लामतात आंतरराष्ट्रीय न्यायालयाने ती प्रथा मान्य केली. गैरहजर राहण्याची गंमत आणखी वेगळी. १९५०मध्ये चीनच्या जागेच्या वादावरून सोव्हिएत संघाने परिषदेवर बहिष्कार टाकला होता. त्याच काळात कोरियाच्या युद्धात दक्षिणेला मदत करण्याचे ठराव संमत झाले, अडवायला तो तिथे नव्हताच. ऑगस्टमध्ये तो परत येऊन बसला.

सनदेचं कलम २३ उघडलंत तर स्थायी सदस्यांच्या यादीत अजूनही ‘चीनचं प्रजासत्ताक’ (म्हणजे आजचं तैवान) आणि ‘सोव्हिएत संघ’ ही नावं दिसतील. बीजिंगच्या सरकारला ती जागा १९७१च्या ठराव २७५८ने मिळाली आणि सोव्हिएत संघाची जागा १९९१मध्ये रशियाकडे गेली. मजकूर तसाच राहिला. लिहिलेला नियम आणि चालणारा नियम यांत किती अंतर असू शकतं, ते दाखवायला याहून चांगलं पान मला सापडलेलं नाही.

ठराव कसा वाचायचा? वरचे परिच्छेद प्रस्तावनेचे असतात: ‘स्मरून’, ‘चिंता व्यक्त करून’. खालचे, क्रमांक घातलेले, कामाचे. तिथलं क्रियापद पाहा. ‘आवाहन करते’, ‘मागणी करते’ आणि ‘निर्णय घेते’ यांचं वजन वेगवेगळं असतं, आणि मुत्सद्दी एकेका क्रियापदावर रात्री जागवतात.

एक ठराव तर मराठी वाचकाने मुद्दाम वाचावा: २४२ क्रमांकाचा, २२ नोव्हेंबर १९६७चा, इस्रायल आणि अरब देशांतल्या सहा दिवसांच्या युद्धानंतरचा. इस्रायली सैन्याने व्यापलेल्या प्रदेशांतून माघार घ्यावी, असं त्यात आहे. इंग्रजी मसुद्यात ‘प्रदेशां’च्या आधी ‘द’ हे उपपद नाही, म्हणून ‘काही प्रदेशांतून’ असा अर्थ लावायला जागा राहते. फ्रेंच मसुद्यातल्या शब्दांतून ‘त्या सगळ्या प्रदेशांतून’ असा अर्थ निघतो. या एका उपपदावरून पुढे दशकानुदशकं वाद झाला. मराठीत उपपदच नसतं. आपण तो ठराव मराठीत आणला की वाद नाहीसा होतो. मराठी बातमीतला ठराव वाचताना मला तेव्हापासून जरा धाकधूक असते.

आकडे आणि नकाशे, थोडक्यात

लष्करी खर्चासाठी बहुतेक कोर्स स्टॉकहोममधल्या सिप्री या संस्थेचे आकडे वापरतात; ती १९६६पासून आहे. एकूण रक्कम आणि राष्ट्रीय उत्पन्नातला वाटा या दोन याद्या शेजारी ठेवल्या की वेगवेगळे देश वर येतात. जो वक्ता एकच यादी दाखवतो त्याला दुसरी विचारा. लोकशाहीच्या निर्देशांकांत बराचसा भाग तज्ज्ञांनी दिलेल्या गुणांचा असतो. दशांशचिन्हापुढचा आकडा पाहून भारावू नका.

भिंतीवरचा नेहमीचा नकाशा मर्केटरच्या १५६९च्या पद्धतीचा असतो. त्यावर ग्रीनलंड आफ्रिकेएवढं दिसतं. प्रत्यक्षात आफ्रिका त्याच्या सुमारे १४ पट आहे. कोर्सच्या काळात टेबलावर पृथ्वीगोल ठेवा. उत्तर ध्रुवाकडून पाहिलं की रशिया आणि अमेरिका समोरासमोर येतात, आणि क्षेपणास्त्रांच्या वाटा तिकडूनच का आखल्या जातात ते न सांगता कळतं.

पायरी सातवी: कोर्स कुठे बसून बोलतो ते ओळखा

आंतरराष्ट्रीय संबंध या विषयाचं पहिलं अध्यासन १९१९मध्ये वेल्समधल्या अ‍ॅबरिस्टविथला स्थापन झालं, पहिल्या महायुद्धाच्या राखेवर. त्यानंतरचा बराच विषय ब्रिटन-अमेरिकेत घडला. त्यामुळे बहुतेक कोर्स युरोपातलं तीस वर्षांचं युद्ध संपवणाऱ्या १६४८च्या वेस्टफालियाच्या तहापासून सुरू होतात आणि शीतयुद्धाच्या दोन महासत्तांपाशी येऊन रेंगाळतात. १९५५मध्ये इंडोनेशियातल्या बांडुंगला आशिया-आफ्रिकेतले २९ देश जमले होते, ते एखाद्या स्लाइडवर येऊन जातात. कौटिल्याचं मंडल, म्हणजे शत्रू-मित्र राज्यांचं वर्तुळ, आणि षाड्गुण्य, म्हणजे संधी, विग्रह, आसन, यान, संश्रय, द्वैधीभाव, हे आलंच तर ‘भारतीय मॅकियाव्हेली’ या शिक्क्यानिशी. मॅकियाव्हेली हा इटालियन विचारवंत कौटिल्याच्या कितीतरी नंतरचा, तेव्हा कालक्रम पाहता शिक्का उलटा मारायला हवा होता.

यावर रागावून कोर्स सोडण्यात अर्थ नाही. आपल्या घटनेत कुणाचा आवाज ऐकूच येत नाही, ते शोधावं. माझ्या पाचव्या प्रश्नाने हेच केलं. केनेडी आणि ख्रुश्चेव्ह यांची पत्रं कोर्समध्ये ओळीने वाचून घेतली, पण क्यूबाचा नेता कॅस्ट्रो जवळजवळ नव्हताच. शोधल्यावर कळलं की एप्रिल १९६१मध्ये अमेरिकेच्या मदतीने क्यूबातल्या बे ऑफ पिग्ज या उपसागरावर उतरलेल्या सैन्याचा हल्ला क्यूबाने परतवला होता, म्हणजे पुढच्या हल्ल्याची भीती हवेतली नव्हती. ऑक्टोबरमधल्या अखेरच्या तडजोडीत कॅस्ट्रोला कुणी विचारलं नाही. तो संतापला आणि आपल्या भूमीवर तपासणी पथक येऊ द्यायला त्याने नकार दिला. ज्याच्या घरात भांडण चाललं होतं त्यालाच तडजोडीच्या बैठकीत जागा नव्हती.

लिहिणं, वाद घालणं, सर्टिफिकेट

गृहपाठ लिहिताना पहिल्या वाक्यात आपलं म्हणणं सांगा आणि शेवटच्या परिच्छेदात त्याविरुद्धचा सगळ्यात जोरदार मुद्दा. दुसऱ्याचा गृहपाठ तपासायची पाळी येते तेव्हा टाळाटाळ करू नका. मी सगळ्यात जास्त शिकलो ते तिथे. एकाने माझ्याच क्यूबावर लिहिलं होतं आणि संयुक्त राष्ट्रांचे तेव्हाचे हंगामी सरचिटणीस ऊ थांट यांनी दोन्ही बाजूंना पाठवलेल्या निरोपांना मध्यवर्ती जागा दिली होती. मी तर त्यांचं नावही घेतलं नव्हतं.

चर्चेत आपल्या देशाचा वकील व्हायचा मोह होतो. एकदा तरी विरुद्ध बाजूचं वकीलपत्र घेऊन बघा.

सर्टिफिकेट नोकरीसाठी लागणार असेल तर पैसे भरा, नाहीतर नको. ते पैसे एखाद्या चांगल्या अ‍ॅटलासवर खर्च करावेत असं माझं मत.

कोर्स संपल्यावर मी वहीतल्या पाच प्रश्नांकडे परत गेलो. दोन सुटले होते. ‘बाँबहल्ला का नाही’ हा सुटल्यासारखा वाटत होता, पण अ‍ॅलिसन यांचं वाचून पुन्हा खुला झाला. संयुक्त राष्ट्रांबद्दलचा प्रश्न मी चुकीचाच विचारला होता. परिषद आणि सरचिटणीस यांना मी एकच समजत होतो. पाचव्या प्रश्नासाठी लॅटिन अमेरिकेच्या राजकारणावरच्या सहा आठवड्यांच्या कोर्सला आता नाव नोंदवलंय. पुतणीनेही नोंदवलंय. तिने घटना कुठली निवडली ते मात्र ती सांगत नाही.